कॅप्टन किड : अभियोग, कथागीत आणि दंतकथा

प्रसिद्ध पुरुषांविषयीच्या दंतकथांचा विचार करताना समीक्षक बहुधा असे गृहीत धरतात की, आधी शुद्ध इतिहास असतो आणि मागाहून लोककल्पना त्यावर आपली पुटे चढविते. ही पुटे खरवडून काढली की मूळ पुरुष हाती लागतो. कॅप्टन विल्यम किड ह्या कुप्रसिद्ध चाच्याच्या बाबतीत हे गृहीत टिकत नाही, असे दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. येथे ज्याला आपण इतिहासाचे साधन म्हणतो तो अभियोगाचा वृत्तांत हीच दंतकथेची पहिली आवृत्ती होय.

प्रथम ज्ञात वृत्त थोडक्यात सांगितले पाहिजे. किड हा मूळचा स्कॉटलंडचा व पुढे न्यूयॉर्कला स्थायिक झालेला नाविक. इंग्लंडचा राजा तिसरा विल्यम ह्याच्या सनदा घेऊन तो 1696 साली 34 तोफांच्या ‘अॅडव्हेंचर गॅली’ ह्या जहाजावरून निघाला. चाच्यांना पकडणे व शत्रुराष्ट्र फ्रान्सची जहाजे काबीज करणे हे त्याचे काम. ह्या मोहिमेत इंग्लंडातील बड्या सरदारांचा पैसा गुंतलेला होता. 1697 मध्ये तो हिंदी महासागरात आला, कारवारच्या इंग्रज वखारीस गेला, गोव्याहून त्याच्यावर धाडलेल्या दोन पोर्तुगीज जहाजांशी लढला. आणि 30 जानेवारी 1698 रोजी त्याने ‘केडा मर्चंट’ हे आर्मेनियन व्यापाऱ्यांच्या मालाने भरलेले जहाज पकडले. 1699 साली बॉस्टन येथे त्याला अटक झाली. 8 व 9 मे 1701 रोजी लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयात अभियोग चालला आणि 23 मे रोजी त्याला फाशी देण्यात आले. पहिल्या खेपेस दोर तुटला, म्हणून त्याला दुसऱ्यांदा लटकवावे लागले.

ह्या अभियोगाचा वृत्तांत त्याच वर्षी छापला गेला. तो संहिता म्हणून वाचू लागले असता एक गोष्ट ठळकपणे नजरेत भरते. किड पुन्हा पुन्हा एकच मागणी करतो : माझे फ्रेंच परवाने मला द्या. ‘केडा मर्चंट’कडे फ्रेंच परवाना होता, सबब ते शत्रूचे जहाज ठरते व आपली कृती सनदेत बसते, हा त्याचा बचाव. हे परवाने त्याने गव्हर्नर बेलोमाँट ह्याच्या स्वाधीन केले होते, ते लंडनला पोहोचले होते, हाउस ऑफ कॉमन्सपुढेही आले होते. न्यायालयात मात्र ते हजर झाले नाहीत. विसाव्या शतकाच्या आरंभी ते लंडनच्या सरकारी दप्तरात सापडले. म्हणजे किड ज्यांचा उल्लेख करीत होता ते कागद खरे होते. परंतु वृत्तांतात त्यांच्या जागी केवळ आरोपीचा शब्द उरला. वाचकाला तो शब्द अपराध्याची सबब वाटतो. ही रचना कोणा शाहिराने केलेली नाही, ती न्यायालयाने केलेली आहे.

तथापि एवढ्यावरून किडला निरपराध ठरविणे ही दुसरी दंतकथा होय, आणि अलीकडे तीही लोकप्रिय होऊ पाहत आहे. ‘मेरी’ ह्या इंग्रज कप्तानाच्या छोट्या जहाजाची त्याने लूट केली. तेथे फ्रेंच परवान्याचा प्रश्नच नव्हता. शिवाय पहिला आरोप चाचेगिरीचा नव्हता, खुनाचा होता. विल्यम मूर ह्या तोफवाल्याला त्याने लोखंडी पट्ट्यांच्या बादलीने मारले व तो दगावला. त्या आरोपावर परवाने मिळूनही त्याचा बचाव झाला नसता.

किडच्या फाशीच्या वर्षीच त्याच्यावरचे कथागीत लंडनमध्ये विकले जाऊ लागले. त्याला पोवाडा म्हणणे बरोबर नव्हे. पोवाडा दुसऱ्याचे शौर्य गातो; येथे वध्य पुरुष प्रथमपुरुषी एकवचनात आपली पापे मोजतो. परिणामी न्यायालयात सतत नाकारणारा किड गीतात सतत कबूल करणारा होतो. हा व्याकरणातील बदल क्षुल्लक नाही. निकालात राहिलेली उणीव तो भरून काढतो. अमेरिकेत रूढ झालेल्या पाठांत तर विल्यमचा रॉबर्ट झाला आणि त्याने बायबल वाळूत पुरल्याचे कडवे आले. नाव बदलले, कबुलीचा साचा मात्र कायम राहिला.

पुरलेल्या खजिन्याच्या कल्पनेला थोडा आधार आहे. गार्डिनर्स बेटावर किडने खरोखरच काही संपत्ती पुरली होती. परंतु ती 1699 सालीच काढून तिची यादी करण्यात आली. तरीही अर्व्हिंगच्या 1824 च्या कथासंग्रहात व पो ह्याच्या 1843 च्या ‘द गोल्ड बग’ कथेत ती पुरलेलीच आहे. मूर मागे पडतो, आर्मेनियन व्यापारी दिसेनासे होतात, राहते ती संपत्ती. दंतकथेने किडवर अन्याय केला की नाही ह्याची चर्चा पुष्कळ होते. ज्यांचा माल गेला त्यांना तिने पूर्णपणे पुसून टाकले, ह्याकडे लक्ष दिले जात नाही. 2007 साली डोमिनिकन प्रजासत्ताकाच्या किनाऱ्याजवळ ‘केडा मर्चंट’चे अवशेष सापडले, तेव्हाही बोलबाला किडच्याच नावाचा झाला.

शेवटी एक भाषिक मुद्दा. सनद घेऊन लुटणारा आणि सनदेवाचून लुटणारा ह्यांना इंग्रजीत दोन वेगळे शब्द आहेत. मराठीत आपण दोघांनाही ‘चाचा’ म्हणून मोकळे होतो. किडचा प्राण ह्या दोन शब्दांमधील अंतरावर टांगलेला होता. ज्या भाषेने हा भेद केला तिनेच, छत्रपती शाहूंच्या सरखेलीची वस्त्रे धारण करणाऱ्या व समुद्रावर स्वतःचे दस्तक चालविणाऱ्या कान्होजी आंग्र्यांना मात्र बिनदिक्कत ‘पायरेट’ म्हटले. तेव्हा हा शब्द कृतीचे वर्णन करीत नसून कोणाचा परवाना मानावयाचा ह्याचा निवाडा सांगतो. जुन्या कागदांत तो आढळला की, तो कोणी लिहिला आणि कोणता कागद तेव्हा पुढे येऊ दिला गेला नाही, हे अभ्यासकाने आधी पाहिले पाहिजे.