मालमत्तेची अट आणि १९१९ ची साक्ष

आपल्याकडे मताधिकाराची चर्चा बहुधा संविधानाच्या ३२६ व्या अनुच्छेदापासून सुरू होते. त्यामुळे जानेवारी १९१९ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी साउथबरो समितीपुढे दिलेली साक्ष उपेक्षित राहते. मालमत्तेची अट वरकरणी सर्वांना सारखी होती. परंतु अस्पृश्यतेनेच ज्यांना व्यापार-उदिमापासून दूर ठेवले, त्यांच्याकडे मालमत्तेचा पुरावा मागणे म्हणजे अन्यायाच्या परिणामालाच अपात्रता ठरविणे होय, हे त्या साक्षीचे मर्म. मात्र तेथे मागणी आहे ती अस्पृश्यांपुरती अट शिथिल करण्याची, ती रद्द करण्याची नव्हे. प्रौढ मताधिकाराचा निःसंदिग्ध आग्रह १९२८-२९ मध्ये, सायमन आयोगाच्या काळात येतो. गौरवपर लेखनात हा वैचारिक प्रवास पुसला जातो, हे अभ्यासकांचे वैगुण्य होय.

साक्षीतील तर्क अद्याप शिळा झालेला नाही. २० नोव्हेंबर २०२४ रोजी महाराष्ट्र विधानसभेसाठी मतदान झाले, ते ऊस गाळपाच्या हंगामाच्या तोंडावर. बीडसारख्या जिल्ह्यांतील अनेक ऊसतोड कामगार तेव्हा गाव सोडून फडावर गेलेले होते. सैनिकांना टपाली मतदानाची सोय आहे. कोयता घेऊन गेलेल्यांना ती नाही. त्यांचे नाव गावच्या यादीत असते, आणि मतदानाच्या दिवशी ते परजिल्ह्यातल्या कोपीवर असतात.