शिक्षेचे प्रमाण आणि कामगाराचा पूर्वेतिहास

भोसरी परिसरातील कारखान्यांच्या शिस्तविषयक वादांत पुण्याच्या भारत फोर्ज प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाचा जानेवारी 2005 चा निकाल विचारात घ्यावा लागतो. 26 ऑगस्ट 1983 रोजी सकाळी 11.40 वाजता एक हेल्पर कामाच्या जागी गाढ झोपलेला आढळला. चौकशीअंती त्यास बडतर्फ करण्यात आले. कामगार न्यायालयाने दोष मान्य केला; मात्र शिक्षा कठोर ठरवून पुनर्नियुक्तीचा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी कायम केली. यापूर्वी तीन वेळा त्यास सौम्य शिक्षा झाली होती, हे त्यामागील वजनदार कारण.

महाराष्ट्राच्या 1971 च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक अधिनियमानुसार, किरकोळ गैरवर्तनाचे स्वरूप वा पूर्वेतिहास न पाहता दिलेली धक्कादायक शिक्षा ही अनुचित प्रथा होय. पूर्वेतिहासाची ही अट प्रामुख्याने कामगाराच्या संरक्षणार्थ आलेली दिसते; येथे तीच त्याच्यावर उलटली. भोगून झालेल्या शिक्षेचे वजन पुन्हा किती धरावे, याचे नेमके माप निकालातून हाती लागत नाही. अर्थात, फोर्जिंगच्या कारखान्यात झोप ही क्षुल्लक बाब नव्हे, हा व्यवस्थापनाचा मुद्दा हलका म्हणता येणार नाही.

घटना ते अंतिम निकाल यांत 21 वर्षे गेली. पुनर्नियुक्तीचा आदेश टिकला असता, तरी तो बहुतांशी रकमेपुरताच उरला असता.