अस्सल, नक्कल आणि देवघेव

कोणत्याही कलाकृतीचे परीक्षण करावयाचे तर तिचे मर्म कोठे आहे हे आधी निश्चित करावे लागते. मर्म चुकले म्हणजे स्तुतीही वाया जाते आणि निंदाही. व्हिडिओ गेमसारख्या नव्या कलाप्रकाराच्या बाबतीत ही चूक फार सहज होते. कारण पडद्यावर जे दिसते तेवढाच खेळ, असे आपण समजून चालतो. जपानमधील ‘पोकेमॉन’ या खेळमालेविषयी येथे आम्ही लिहीत आहोत ते तिच्या एकाच अंगापुरते. या खेळांतील प्राणी एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात नेता येतात. हातात धरून खेळावयाच्या मूळ यंत्रातून ते संगणकावरील नकली यंत्रात नेता येतात आणि तेथून परतही आणता येतात. वरवर पाहता हा छांदिष्टांचा उद्योग वाटेल. आमच्या मते या मालेचे मर्म येथेच आहे, आणि अस्सल कशास म्हणावे व नक्कल कशास, हा जुना प्रश्नही येथे नव्याने कसास लागतो.

मालेतील पहिले दोन खेळ, ‘रेड’ आणि ‘ग्रीन’, 27 फेब्रुवारी 1996 रोजी जपानात निन्टेन्डो कंपनीच्या ‘गेम बॉय’ या यंत्रासाठी प्रसिद्ध झाले. त्यांचे कर्ते सातोशी ताजिरी यांना बालपणी किडे पकडून जमविण्याचा नाद होता. दोन गेम बॉय जोडणारी तार पाहून, तिच्यावरून एखादा किडा पलीकडे सरपटत जात असल्याची कल्पना त्यांच्या मनात आली. खेळाची सारी रचना या एका कल्पनेतून उगवलेली आहे. प्राणी एकूण 151. परंतु ते सर्व कोणत्याही एका खेळात सापडत नाहीत. एकान्स नावाचा सर्प ‘रेड’मध्ये मिळतो, ‘ग्रीन’मध्ये नाही, सँडश्रू ‘ग्रीन’मध्ये मिळतो, ‘रेड’मध्ये नाही. कडाब्रा, मचोक, ग्रॅव्हलर आणि हाँटर हे चार प्राणी तर दुसऱ्याच्या हाती दिल्यावाचून आपल्या पूर्ण रूपास पोचतच नाहीत. एकट्याने कितीही परिश्रम केले तरी संग्रह अपुरा राहावा, अशी ही योजना आहे. देवघेव हे या खेळाचे उपांग नव्हे. ते त्याचे कथानक होय.

प्राणी म्हणजे तरी काय? यंत्राच्या दृष्टीने तो 44 बाइटांचा एक तुकडा. त्यात त्याची जात, त्याचे बळ, त्याचे चार डावपेच आणि त्याने मिळविलेला अनुभव यांची नोंद असते. याखेरीज आणखी एक नोंद असते, आणि रसिकाने लक्ष द्यावे ती तिच्याकडे : ज्याने त्या प्राण्यास प्रथम पकडले त्याचे नाव आणि 0 ते 65535 यांमधील त्याचा क्रमांक. प्राणी पुढे दहा जणांच्या हातून गेला तरी ही नोंद पुसली जात नाही. परक्याकडून आलेला प्राणी दीडपट वेगाने अनुभव मिळवितो. परंतु नव्या धन्याने पुरेसा नावलौकिक मिळविलेला नसेल तर त्याची आज्ञा मोडतो. आणि पहिल्या धन्याने ठेवलेले नाव दुसऱ्यास बदलता येत नाही. इतक्या अल्प जागेत आप-परभाव, कृतज्ञता आणि हट्ट यांची सूचना करणारा हा संकेत आम्हांस अत्यंत मार्मिक वाटतो. प्राण्यास पूर्वायुष्य आहे, आणि ते तो बरोबर घेऊन फिरतो.

आता त्या तारेकडे वळू. गेम बॉयमधील जोडणीची रीत अशी की, दोहोंपैकी एक यंत्र ताल धरते, सेकंदास 8192 ठोके, आणि प्रत्येक ठोक्यास दोन्ही बाजूंचा एकेक अंश एकाच वेळी परस्परांकडे सरकतो. आठ ठोके झाले की इकडचा बाइट तिकडे आणि तिकडचा इकडे आलेला असतो. काही दिल्यावाचून काही घेता येणार नाही, हा नियम खेळाने घालण्यापूर्वीच यंत्राच्या तारेत होता. तथापि येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे. तारेवरून प्राणी ‘जात’ नाही. त्याची नक्कल पलीकडे उतरविली जाते आणि अलीकडच्या जागेवर आलेल्या प्राण्याची नोंद लिहिली जाते. ही नोंद होत असताना नेमक्या क्षणी यंत्र बंद केले तर एकच प्राणी दोन्हीकडे राहतो, ही क्लृप्ती मुलांनी फार पूर्वीच शोधून काढली होती. म्हणजे मूळ यंत्रावरील देवघेवसुद्धा नक्कल करण्याचीच एक क्रिया होती. फक्त ती मर्यादशील होती.

एम्युलेटर म्हणजे एका यंत्राचे वागणे दुसऱ्या यंत्रावर हुबेहूब वठविणारी प्रणाली. नटाने भूमिका वठवावी तसा संगणक गेम बॉय वठवितो, आणि आतल्या खेळास आपण कोठे आहोत याचा पत्ता लागत नाही. या प्रणालीविरुद्ध तीन आक्षेप घेतले जातात. पहिला असा की, तिच्यामुळे चोरी फोफावते. दुसरा असा की, तेथे कष्ट नाहीत. कोणताही क्षण गोठवून ठेवावा, मनासारखे घडले नाही तर मागे जावे, हवे तितके प्राणी दुप्पट करावे. तिसरा सर्वांत गंभीर : जो प्राणी कधी खऱ्या यंत्रात नव्हताच तो खऱ्या यंत्रात आणून सोडणे म्हणजे खऱ्या नाण्यांत खोटे मिसळणे होय.

पहिल्या आक्षेपापुरते आमचे मत स्पष्ट आहे. विकत न घेतलेल्या खेळाची फुकट प्रत उतरवून घेणे हे कायद्याने गैर आहे, आणि प्रेमाच्या नावाखाली ते झाकता येणार नाही. परंतु स्वतःच्या मालकीच्या कार्ट्रिजमधील आपले प्राणी वाचविणे ही गोष्ट निराळी आहे. ज्यास आपल्याकडील मुले कॅसेट म्हणत, त्या कार्ट्रिजमध्ये खेळाडूची सारी कमाई 32,768 बाइटांच्या स्मृतीत असते, आणि ती स्मृती नाण्याएवढ्या एका लिथियम सेलवर जगते. सेल संपला की सारे शून्य. 1999 साली आलेल्या ‘गोल्ड’ व ‘सिल्व्हर’ या खेळांत तर घड्याळही त्याच सेलवर चालते, म्हणून तो अधिकच लवकर झिजतो. ज्या मुलाने 1996 मध्ये प्राण्यास धाकट्या बहिणीचे नाव दिले असेल, त्याची ती नोंद अशा आधारावर टिकून आहे. कार्ट्रिज-वाचक नावाचे एक लहानसे उपकरण संगणकास जोडून ही स्मृती फाइलच्या रूपाने उतरवून घेता येते, नवा सेल बसवून ती परत लिहिता येते, आणि मधल्या काळात तीच फाइल एम्युलेटरवरही खेळता येते. काहींनी याच्याही पुढे जाऊन, खऱ्या गेम बॉयची तार एका चिमुकल्या सर्किटमार्फत संगणकास जोडून, पलीकडे दुसरा गेम बॉयच आहे असा त्याचा समज करून देण्यात यश मिळविले आहे. जो खेळ तारेसाठी जन्मला त्यास तार पुन्हा मिळवून देणारे हे लोक आम्हांस या कलाकृतीचे जाणकार वाचक वाटतात.

मालकांनी स्वतः काय केले, हे पाहणे उद्बोधक आहे. ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’मध्ये जुन्या खेळांशी दुहेरी देवघेवीची सोय होती. 2002 साली ‘रूबी’ व ‘सफायर’ आले तेव्हा प्राण्याची नोंद ठेवण्याची रीतच बदलली आणि जुन्या प्राण्यांचा मार्ग तुटला. 2006 साली ‘डायमंड’ व ‘पर्ल’मध्ये ‘पाल पार्क’ उघडले. त्यातून मधल्या पिढीचे प्राणी पुढे आणता येत, मात्र परतीची वाट नव्हती. पुढे 27 फेब्रुवारी 2016 रोजी, बरोबर वीस वर्षांनी, निन्टेन्डोने पहिले खेळ आपल्या ‘थ्रीडीएस’ या यंत्रावर पुन्हा प्रसिद्ध केले. ही आवृत्ती म्हणजे मालकांनीच केलेले एम्युलेशन. तीत तारेची जागा बिनतारी संदेशाने घेतली. 2017 च्या आरंभापासून या आवृत्तीतील प्राण्यांस ‘पोकेमॉन बँक’मार्फत नव्या खेळांत जाण्याची मुभा मिळाली, आणि 2020 साली आलेल्या ‘पोकेमॉन होम’चे दारही त्यांस बँकेतूनच खुले झाले. 1996 च्या खऱ्या कार्ट्रिजमधील प्राण्यांस मात्र असा कोणताही अधिकृत मार्ग मिळाला नाही. नकली यंत्रात जन्मलेला प्राणी वारस ठरला आणि अस्सल यंत्रात जन्मलेला दाराबाहेर राहिला! हौशी लोकांनी यावरही तोड काढली : कार्ट्रिजमधील फाइल थ्रीडीएसवरील आवृत्तीत बसवावी आणि तेथून प्राणी बँकेत न्यावा. म्हणजे अस्सलास आपला वारसा सिद्ध करण्यासाठी नकलेचा वेष घ्यावा लागतो. 2023 च्या मार्चमध्ये थ्रीडीएसचे विक्रीचे दुकान बंद झाल्यापासून ही वाटही नवख्यांस दुर्मिळ झाली आहे. या इतिहासानंतर तिसऱ्या आक्षेपात, निदान यंत्राच्या अस्सलपणापुरते, फारसे बळ उरत नाही.

मग निकष कोणता? येथे आमच्या वाचकांस परिचित असे एक उदाहरण उपयोगी पडेल. मोडीतील बखर बाळबोधीत उतरविली म्हणजे ती खोटी होत नाही. एकच कोकणी मजकूर देवनागरीत, रोमीत आणि कन्नड लिपीत लिहिला तरी तो तोच राहतो. आपण तपासतो ते एवढेच की, उतरविणाऱ्याने मूळ वाचले की मनचे घातले. प्राण्यांचे स्थलांतर हेही असेच लिप्यंतर होय. पहिल्या खेळांतील एका बाइटमध्ये प्राणी पकडण्यास किती कठीण याची नोंद होती. ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ने तोच बाइट प्राण्याच्या जवळील वस्तू म्हणून वाचला, आणि जुन्या जगातून येणारा प्राणी भेटवस्तू घेऊन आल्यासारखा भासू लागला. हे चतुर भाषांतर झाले. बँकेच्या मार्गाने येणाऱ्या जुन्या प्राण्यांस स्वभाव नव्हता, कारण ती कल्पनाच 2002 ची. तेव्हा त्यांच्या अनुभवगुणांस 25 ने भागून जी बाकी उरेल तीवर स्वभाव ठरविण्यात आला. ही युक्ती यांत्रिक असली तरी तीत एक न्याय आहे : प्राणी जे जगला त्यातूनच त्याचा स्वभाव निघतो. आणि दोन्ही ठिकाणी पहिल्या धन्याचे नाव व क्रमांक शाबूत राहतात. पोथीची नक्कल करणारा अखेरीस नाव, गाव आणि शक नोंदवितो, तितक्याच मोलाची ही नोंद आहे.

या निकषावर खरा दोष कोठे पडतो तेही दिसते. ‘पीकेहेक्स’सारख्या प्रणालीने प्राण्याच्या नोंदीतील कोणतीही गोष्ट बदलता येते. त्या प्रणालीस आम्ही सरसकट दोष देणार नाही. बिघडलेल्या फाइलींची दुरुस्ती आणि पिढ्यापिढ्यांमधील वाहतूक ही कामेही तीच करते. परंतु जेव्हा कोणी निर्दोष बळाचा प्राणी घडवितो, त्यास खोटा धनी आणि खोटे जन्मस्थान चिकटवितो आणि देवघेवीत अजाण मुलाच्या हाती देतो, तेव्हा तो या खेळाच्या वर्मावरच घाव घालतो. त्या मुलास मिळालेल्या प्राण्यात सर्व काही असते. फक्त त्यास कोणी पकडलेले नसते. याउलट एम्युलेटरवर तासन् तास भटकून पकडलेला साधा एकान्स खऱ्या कार्ट्रिजमध्ये उतरला तर त्याने कोणाचीही फसवणूक केलेली नाही. क्षण गोठवून मागे जाणाऱ्याने खेळातील जोखमीचा आनंद गमावला असेल; ते नुकसान त्याचे स्वतःचे आहे, प्राण्याचे नव्हे.

हा विवेक आपल्याकडे विशेष आवश्यक आहे. भारतात पोकेमॉन बहुतेकांस ठाऊक झाले ते दूरचित्रवाणीवरील मालिकेमुळे; गेम बॉय फार थोड्या घरांत पोचला. पुष्कळ मुलांनी हे खेळ प्रथम पाहिले ते संगणकावरील एम्युलेटरवर, तेही एकट्याने, तारेवाचून. त्यांचा कडाब्रा कडाब्राच राहिला. आज ती मुले मिळवती झाली आहेत. त्यांतील काही जण जुनी यंत्रे विकत घेऊन, संगणकात राहिलेल्या फाइलींतील प्राणी त्यांत उतरवू पाहतात. त्यांस ‘तुमचे प्राणी खोटे’ असे म्हणणारा टीकाकार काचेवरचे चित्र पाहतो, आतील नोंद वाचत नाही. प्रतीचा हिशेब त्यांनी कायद्याशी जरूर चुकता करावा. परंतु त्या प्राण्याच्या माथी ज्याचे नाव आहे तोच त्याचा पहिला धनी होय, आणि तो प्राणी प्रथमच तारेवरून पलीकडे जाऊन पूर्ण रूपास येत असेल, तर ताजिरी यांनी कल्पिलेला किडा त्या दिवशी आपल्या ठिकाणी पोचला असे आम्ही समजतो.