‘मी आले’ : संतवाणीतील स्त्रीरूप आणि जोगत्याची ओळख

मराठी संतवाणीत पुरुष कवी स्त्रीच्या मुखाने बोलतो, ही गोष्ट अभ्यासकांना नवी नाही. ज्ञानदेवांच्या नावावरील विराण्या, निरनिराळ्या संतांच्या गौळणी, एकनाथांची भारुडे यांत हे रूप वारंवार भेटते. विठ्ठलाची ‘विठाई’ होते, ‘विठाबाई’ होते. ज्ञानदेव तर ‘माउली’ या स्त्रीलिंगी नामानेच ओळखले जातात. या सामग्रीवरून अलीकडे असा निष्कर्ष काढला जातो, की ज्या परंपरेने देव आणि भक्त या दोघांचेही लिंग इतके सैल ठेवले, तिच्यात लिंगभावाच्या विविधतेला मुळातच मान्यता होती. निष्कर्ष मोहक आहे. म्हणूनच तो पारखून घेणे अगत्याचे आहे. काव्यातील एखाद्या रूपाला मिळालेली मान्यता आणि ते रूप प्रत्यक्ष जगणाऱ्या माणसाला मिळालेली मान्यता या दोन भिन्न गोष्टी होत, आणि त्यांची गल्लत केल्यास त्या माणसाचा प्रश्न सुटण्याऐवजी झाकला जातो, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

प्रथम व्याकरणाकडे पाहू. मराठीत सर्वनामाला प्रथम पुरुषी लिंगभेद नाही. परंतु क्रियापदाला तो आहे. ‘मी आलो’ आणि ‘मी आले’, ‘मी जातो’ आणि ‘मी जाते’ यांतून एक निवडल्याशिवाय बोलणाऱ्याला साधे येणेजाणेही सांगता येत नाही. ही सक्ती मात्र सार्वत्रिक नाही. ‘मी येईन’, ‘मी येई’, ‘मी येत आहे’, ‘आम्ही आलो’ या रूपांत बोलणाऱ्याचे लिंग प्रकट होत नाही. ‘मी केले’ येथे क्रियापद कर्माच्या मागे जाते. म्हणजे मराठी बोलणाऱ्याला आपले लिंग काही काळांत आणि काही अर्थांतच उच्चारून सांगावे लागते. संतवाणीतील स्त्रीरूपाची चर्चा करताना हा भेद क्वचितच ध्यानी घेतला जातो.

दुसरी गोष्ट बोलींची. ग्रांथिक मराठीतील स्त्री ‘मी जाते’ म्हणते. मार्गासनी, वेल्हे या बाजूच्या मावळी बोलीत वडीलधाऱ्या बाईच्या तोंडी ‘मी जाती’ येते. आणि कोल्हापूरकडील मुली तर सर्रास ‘मी जातो’ म्हणतात. कोल्हापूरच्या त्या मुलीच्या स्त्रीत्वाविषयी तिच्या गावात कोणालाही शंका येत नाही. यावरून एवढे स्पष्ट व्हावे, की क्रियारूप हे स्वतःच ओळख ठरत नाही. ऐकणारा समाज त्या रूपाला कोणता अर्थ देण्यास राजी आहे, यावर ओळख ठरते. जे रूप मुलीच्या तोंडी बोलीची लकब म्हणून खपून जाते, त्याच्या उलट रूप मुलाच्या तोंडी आले की हसू, टोमणा किंवा मार ठरते.

आता एकनाथांची दोन भारुडे पाहावीत. ‘जोगवा’ या भारुडात भवानीच्या उपासकाची भूमिका घेऊन ज्ञानाचा जोगवा मागितला आहे. त्यातील संकल्प बव्हंशी भविष्यकाळी रूपांत आहेत. त्या संकल्पांपुरते मागणारा पुरुष की स्त्री, हे व्याकरण सांगत नाही. भवानीआईला रोडगा वाहण्याच्या भारुडातही नवस भविष्यकाळीच आहे. तेथे बोलणारी सासुरवाशीण आहे हे नात्याच्या शब्दांवरूनही कळते. पुरुष भारुडकार हे सोंग पदर घेऊन वठवतो आणि श्रोते त्याला दाद देतात. ही दाद खरी असली तरी ती एका कराराने बांधलेली आहे : सोंग संपले की पदर खाली उतरणार, आणि त्याच्या आड जो अर्थ होता तो अध्यात्माचा होता, हे दोन्ही पक्षांना ठाऊक असते. जीव ही स्त्री आणि परमात्मा हा एकमेव पुरुष, या रूपकात संताचे स्वतःचे सामाजिक पुरुषपण कोठेही पणाला लागत नाही. लागले असते तर त्या रूपकाला इतका निर्वेध प्रवास लाभला असता काय, हा विचार अभ्यासकाने करावयास हवा.

सौंदत्तीच्या यल्लम्मेचा जोगता या कराराबाहेरचा आहे. देवीचा जग डोक्यावर घेऊन, लुगडे नेसून, चौंडक्याच्या तालावर जोगवा मागणाऱ्या जोगत्याचा पदर सायंकाळी उतरत नाही. एकनाथांच्या भारुडात जोगवा हे रूपक आहे; जोगत्याच्या परडीत तो दिवसाचे धान्य आहे. देवीच्या सेवेत त्याला ‘मी आले’ म्हणता येते, लोक त्याच्या पायाही पडतात. परंतु ही मुभा देवीच्या नावाने मिळते. देवी बाजूला काढली तर त्याच क्रियापदाला गावात जागा उरत नाही. धर्माने येथे एक दार उघडले हे नाकारता येणार नाही. मात्र ते दार एकाच खोलीत जाते, आणि त्या खोलीत भिक्षा व वंचना यांचा शेजार आहे.

ही वंचना मराठी साहित्याने ओळखली. राजन गवस यांच्या ‘चौंडकं’ (१९८५) आणि ‘भंडारभोग’ (१९८८) या कादंबऱ्यांनी अनुक्रमे जोगतीण आणि जोगता यांचे जिणे मराठी वाचकापुढे ठेवले. त्यांच्या आणि चारुता सागर यांच्या ‘दर्शन’ कथेच्या आधारे राजीव पाटील यांनी ‘जोगवा’ (२००९) हा चित्रपट केला. धडधाकट तरुणाच्या दुखण्याला देवीचा कौल समजून त्याला लुगडे नेसवले जाते, या अन्यायाचे चित्रण तेथे प्रत्ययकारी आहे. सक्तीचा निषेध झालाच पाहिजे, याविषयी दुमत नाही. तथापि ‘जोगवा’ चित्रपटाची सोडवणूक नायकाला त्याचे पुरुषपण परत मिळण्यात आहे. साहजिकच त्याच्या चौकटीत जोगता म्हणजे नाडलेला पुरुष, एवढाच अर्थ मावतो. जिला लुगडे कोणी नेसवले नाही, जिला ते हवेच होते, आणि जिला देवीखेरीज ते नेसण्याची दुसरी वाट गवसली नाही, अशी व्यक्ती तेथे मुख्य पात्र होऊ शकत नाही. अध्यात्मपर समीक्षा तिला रूपकात विरघळवते, सुधारणावादी कथा तिला बळी ठरवते. दोन्हीकडे तिचे स्वतःचे वाक्य ऐकू येत नाही.

ते वाक्य आत्मकथनात आले. लक्ष्मीनारायण त्रिपाठी यांच्या ‘मी हिजडा, मी लक्ष्मी’ (२०१२) या पुस्तकाच्या शीर्षकात क्रियापदच नाही, हे भाषाभ्यासकाच्या दृष्टीने लक्षणीय आहे. ‘मी’पुढे दोन नामे ठेवली आहेत आणि दोहोंनाही समान अधिकार दिला आहे. पुढे २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने आपला लिंगभाव स्वतः ठरविण्याचा व्यक्तीचा हक्क मान्य केला, आणि २०१५ साली किन्नर आखाडा स्थापन होऊन त्रिपाठी त्याच्या प्रमुख झाल्या. क्रम ध्यानी घ्यावा : येथे व्यक्ती आपले नाव घेऊन आधी उभी राहिली, धर्मपीठावर नंतर गेली. जोगत्याच्या वाट्याला याच्या नेमका उलट क्रम आला होता.

आपल्या पारिभाषिक शब्दांकडेही याच दृष्टीने पाहिले पाहिजे. ‘तृतीयपंथी’ हा आज सभ्य मानला जाणारा शब्द घ्या. नाथपंथ, महानुभाव पंथ यांत माणूस दीक्षेने शिरतो आणि वाटल्यास बाहेरही पडतो. जे असणे आहे त्याला ‘पंथ’ म्हणणे म्हणजे त्या माणसाला पुन्हा धर्माच्या दारातच उभे करणे होय. ‘नपुंसकलिंग’ या संज्ञेची गत तर अधिक विचित्र आहे. संज्ञेत उणेपणाचा सूर आहे, परंतु मराठीने त्या लिंगात ‘लेकरू’, ‘पाखरू’, ‘मूल’ असे मायेचे शब्द ठेवले आहेत. भाषेचा व्यवहार तिच्या व्याकरणकारांपेक्षा उदार निघाल्याचे हे उदाहरण होय.

तेव्हा संतवाणीचा आधार टाकून द्यावा काय? तसे मुळीच नाही. वारीत अनोळखी माणसाला, तो बाप्या असो वा बाई, ‘माउली’ म्हणून हाक मारली जाते. त्या हाकेला कोणी पुरावा मागत नाही. हा संकेत मोलाचा आहे. परंतु तो संकेत वारीच्या वाटेवरून कचेरीत, वर्गात आणि घराच्या उंबऱ्यात आला किंवा नाही, हे निराळे तपासावे लागेल, आणि ते तपासण्याचे साधन अभंगांच्या गाथेत मिळणार नाही. त्यासाठी आमच्या विद्यार्थ्यांनी जोगत्यांची आणि अन्य पारलिंगी व्यक्तींची रोजची बोली ऐकावी : कोणाशी बोलताना ‘आले’ येते, कोणासमोर ‘आलो’ म्हणावे लागते, आणि कोठे ‘येत आहे’ म्हणून निवडच टाळली जाते. असा अभ्यास करताना त्या व्यक्तीने स्वतःसाठी निवडलेले क्रियारूप आपल्या टिपणांत बदलू नये, एवढे पथ्य पाळणे अवश्य आहे.