मित्रा आणि बापूची खोली

विजय तेंडुलकरांच्या ‘मित्राची गोष्ट’ या नाटकात कॉलेजचं एक नाटक बसतं. सुमित्रा देव, म्हणजेच मित्रा, त्यात पुरुषाचं काम करते आणि नमा असते नायिका. वरवर पाहता स्नेहसंमेलनातला एक हौशी खेळ. पण त्या खेळात मित्राला स्वतःचा पत्ता लागतो. पुरुषाच्या वेशात नमासमोर उभी असताना जे वाटलं ते पात्राचं नव्हतं, आपलंच होतं, हे तिला कळून चुकतं आणि मग ते विसरता येत नाही. तेंडुलकरांनी हा शोध एकांतातल्या स्वगतात ठेवला नाही, चारचौघांनी टाळ्या वाजवायच्या जागी ठेवला. या नाटकातलं त्यांचं सगळ्यात धाडसी काम मला हेच वाटतं.

मराठी प्रेक्षकाला वेशपालट नवा नव्हता. बालगंधर्वांची रुक्मिणी आणि सिंधू पाहून आपल्या आज्या-पणज्यांनी नेसण्याची, गजऱ्याची तऱ्हा उचलली. पुरुषाने स्त्री व्हावं आणि घरंदाज बायकांनी त्याच्याकडून स्त्रीपण शिकावं, यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. वेशपालटाची अशीच परंपरा जपानमध्येही आहे. तिथल्या काबुकी या नाट्यप्रकाराची सुरुवात तर ओकुनी नावाच्या स्त्रीने केली. १६०३च्या सुमारास क्योतोत ती पुरुषी वेश करून नाचायची. पुढे १६२९ साली राज्यकर्त्यांनी स्त्रियांना रंगमंचावरून हटवलं आणि स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांची, ओन्नागातांची, मोठी परंपरा उभी राहिली. १९१४ साली ताकाराझुका या गावी पहिला प्रयोग झाला तो याच्या बरोबर उलटा: सगळ्या नटी, आणि नायकही त्यांच्यातलीच एक. तिथल्या ‘नायकां’वर शाळकरी मुली जीव टाकत. रंगमंचाने दोन्ही देशांत ही सूट दिली. अट एकच होती, पडदा पडला की घरी जायचं. मित्रा ही अट मोडते.

१९८१ साली विनय आपटे यांच्या दिग्दर्शनात मित्राची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांनी केली. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात त्यांनी काबुकी आणि यक्षगान या दोन्ही शैलींत काम केलेलं होतं, आणि दोन्ही परंपरेने पुरुषांच्या. देहाने बाई-पुरुष रचायचं म्हणजे काय, याची तालीम जिच्या अंगात मुरली होती तिच्याकडे ही भूमिका गेली, याचा मला फार आनंद वाटतो. मित्राचं मर्दानीपण ओढूनताणून आणलं तर ती व्यंगचित्र होते. चालण्यात, बसण्यात, समोरच्याच्या डोळ्यांत डोळे घालून बोलण्यात ते सहज यावं लागतं.

मित्रा कॉलेजातल्या बापू नावाच्या सोबत्याला आपली गोष्ट सांगते तो प्रवेश पुन्हा पुन्हा वाचावा असा आहे. लग्न ठरू लागलं तेव्हा आपण नेमक्या कशा आहोत ते तपासायला तिने घरच्या नोकराशी शरीरसंबंध करून पाहिला. काहीच जागं झालं नाही. कुणाची बायको होणं आपल्याला जमणार नाही हे उमगलं आणि तिने जीव द्यायचा प्रयत्न केला. हे ती सांगते तेव्हा तेंडुलकर तिला दया मागू देत नाहीत. ‘गिधाडे’त किंवा ‘सखाराम बाइंडर’मध्ये त्यांची भाषा अंगावर येते, इथे ती दबलेली आहे. काळ दुसऱ्या महायुद्धाच्या आगेमागचा. जे वाटतं त्याला नाव द्यायला मित्राकडे शब्द नाही, आणि ऐकणाऱ्या बापूकडे तर मुळीच नाही. शब्दाविना दोघं एकमेकांना समजून घ्यायला धडपडतात, हे मला प्रेमप्रवेशांपेक्षा जास्त हलवून जातं.

गोष्ट सांगतो तो बापू. बुजरा, दिसायला बेताचा, एखादी मुलगी आपल्याशी बोलली याचंच अप्रूप असलेला. सुरुवातीला तो तिच्यावर भाळलेला आहे, मग विश्वासू होतो, मग निरोप्या होतो, आणि हळूहळू थकतो. त्याचं वाईटपण शोधायला जावं तर सापडत नाही. लोक हसतात, नमाचा प्रियकर मन्या दळवी धमकावतो, मार बसतो, तरी तो टिकतो. आणि मग एका दिवशी टिकत नाही. भल्या माणसाची सहनशक्ती कुठे संपते ती जागा तेंडुलकरांनी इतक्या बारकाईने आखली आहे, की वाचताना आपलीही जागा तिथेच कुठेतरी असेल असं वाटून धाकधूक होते.

बापूने मित्राला दिलेली सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे त्याची खोली. मित्रा आणि नमा तिथे भेटतात. ही खोली मला कडोदऱ्यात राहून जास्त कळली. सुरतेजवळच्या या भागात, साड्या रंगवणाऱ्या-छापणाऱ्या मिलांच्या आसपास, खानदेशातून आलेली आपली माणसं आणि ओडिशा, उत्तर प्रदेशातले तरुण एकेका खोलीत राहतात. रातपाळीचा उठतो त्या जागी दिवसपाळीचा पाठ टेकतो. नवराबायकोला दोन घटका दार लावायला मिळणं कठीण, तिथे ज्यांच्या प्रेमाला कुणाची मान्यता नाही त्यांनी काय करावं? इच्छा, बंधन, समाज असे मोठे शब्द आपण वापरतो. तेंडुलकरांना कळलं होतं की आधी लागते ती कडी असलेली खोली. तीही उसनी असेल तर तिचा मालक कधीतरी ती परत मागणारच.

नमाबद्दल समीक्षेत फार बोललं जात नाही. ती दुबळी, चंचल, म्हणून सोडून दिली जाते. मला ती तशी वाटत नाही. ती कधी मित्राकडे ओढली जाते, कधी दळवीकडे, आणि शेवटी जगाने आखलेल्या वाटेने निघते. तिला समजून घ्यायला मला पुन्हा जपानच आठवतो: तिथे विसाव्या शतकाच्या पहिल्या तिसेक वर्षांत मुलींच्या शाळांमध्ये दोन मुलींमधली उत्कट जोडी सर्रास होती, तिला ‘एस’ म्हणत. लग्न होईपर्यंतचं वेड म्हणून मोठी माणसं कानाडोळा करत. १९११ साली शाळा संपवून बाहेर पडलेल्या दोन तरुणींनी निगाताच्या समुद्रात एकत्र जीव दिला, तेव्हा कुठे वर्तमानपत्रं हादरली. नमाला नुसतं वेड मान्य आहे, मित्राला आयुष्य हवं आहे. दोघींमधलं भांडण प्रेम कमी-जास्त असण्याचं नाहीच.

शेवटाबद्दल मात्र माझी तक्रार आहे. नमा गेल्यावर मित्रा दारूत, नको त्या संगतीत बुडते आणि आत्महत्या करते. बापूची गोष्ट म्हणून हे अटळ वाटतं, मित्राची म्हणून नाही. इतकी बुद्धिमान, इतकी हट्टी बाई. तिला जगायची एकही वाट लेखकाने शोधून पाहू नये? वाटा निघतात. ‘एस’ कथांची सम्राज्ञी म्हणावी अशी लेखिका योशिया नोबुको १९२३ साली मोन्मा चियोला भेटली आणि १९७३ साली मरेपर्यंत तिच्यासोबत राहिली. दोन स्त्रियांच्या संसाराला कायद्यात जागा नव्हती, म्हणून १९५७ साली नोबुकोने चियोला रीतसर दत्तक घेतलं. आणि इथे, आमच्या गुजरातेत, स्त्री-पुरुषांनी लग्नाविना एकत्र राहण्यासाठी ‘मैत्रीकरार’ नावाचा स्टँपपेपरवरचा कागद निघाला होता. १९८७ साली वडोदऱ्याकडच्या दोन स्त्रियांनी तोच कागद आपल्यासाठी वापरला. दुसऱ्याच कामासाठी केलेला कायदा किंवा कागद आपल्या प्रेमाच्या मापाने वळवून घेणं, ही बुद्धी मित्राकडे नक्की होती. तेंडुलकरांनी तिला एवढी उसंत द्यायला हवी होती.

तरी या तक्रारीतही त्यांची बाजू पूर्ण सोडवत नाही, कारण बापू. मित्रा गेल्याचं कळतं तेव्हा तो जे बोलतो त्यात शोक आहे आणि स्वतःला वाचवण्याची धडपडही आहे. आपण तिला तोडलं होतं ते योग्यच होतं, हे त्याला प्रेक्षकांकडून ऐकायचं आहे. कुणी नव्याने हे नाटक उभं करणार असेल तर त्या नटाला माझी एकच विनंती राहील. शेवटच्या प्रवेशात रडू नका. उत्तराची वाट पाहत थेट आमच्याकडे बघा, आणि आम्ही काही बोलेपर्यंत नजर काढू नका.