फोनमधलं तिकीट आणि फाटकावरचा देवदत्त

मागच्या व्याख्यानात आपण ‘प्रमाण’ या कल्पनेबद्दल बोललो. एखादी गोष्ट खरी आहे हे आपण कशावरून मानतो, हा तो प्रश्न. त्यानंतर काही जणांनी विचारलं, की हे सगळं ग्रंथांतलं ठीक आहे, पण आजच्या व्यवहारात याचा उपयोग काय? म्हणून आज मुद्दाम एक साधी वस्तू घेतली आहे. फुटबॉलचा सामना बघायला मैदानात शिरताना दाखवायचं तिकीट, आणि तेही फोनमधलं. उदाहरणं मुख्यतः इंग्लंडमधली असतील. कारण असं, की मैदानाच्या दारात काय होतं याचा जितका कसून विचार तिथे झाला, तितका फार थोड्या ठिकाणी झाला. दुर्दैवाने तो माणसं गेल्यावरच झाला.

आधी पद्धत समजून घेऊ. इंग्लंडच्या प्रीमियर लीगमधल्या बऱ्याच क्लबांनी, विशेषतः कोविडनंतर, कागदी तिकीट बाजूला सारलं. आता तिकीट क्लबच्या खात्यातून फोनच्या वॉलेटमध्ये उतरवून घ्यायचं, फाटकावरच्या यंत्राजवळ फोन धरायचा, हिरवा दिवा लागला की फिरतं दार ढकलून आत जायचं. काही ठिकाणी फोनच्या पडद्यावर बारकोड असतो. अमेरिकेत टिकेटमास्टर कंपनीने २०१९ मध्ये आणलेला बारकोड दर काही सेकंदांनी बदलतो. त्याचा स्क्रीनशॉट काढून मित्राला पाठवलात, तर तो दारापर्यंत पोचेल, आत जाणार नाही.

यात सोय आहे, ती मान्य केली पाहिजे. तिकीट घरी विसरत नाही. पोस्टात हरवत नाही. बनावट तिकीट छापणाऱ्याचा धंदा अवघड होतो. कोणी शेवटच्या क्षणी येऊ शकत नसेल, तर त्याची जागा दुसऱ्याला देता येते. या गोष्टी खोट्या नाहीत आणि त्यांची टिंगल करून टीका होत नाही. माझा मुद्दा वेगळा आहे. तिकीट कागदावरून फोनमध्ये गेलं तेव्हा फक्त त्याचं रूप बदललं असं आपण धरून चालतो. प्रत्यक्षात दारात विचारला जाणारा प्रश्नच बदलला.

न्यायशास्त्राच्या भाषेत सांगतो. धूर दिसला की आपण अग्नीचं अनुमान करतो. कागदी तिकीट हा तसा धूर होता. ते हातात दिसलं, की दारावरचा माणूस एवढंच अनुमान करायचा, की या जागेचे पैसे कोणीतरी भरले आहेत. कोणी भरले, याच्याशी त्याला कर्तव्य नव्हतं. आता दुसरं जुनं उदाहरण घ्या, ‘तोच हा देवदत्त’. पूर्वी पाहिलेला माणूस पुन्हा दिसला आणि आपण त्याला ओळखलं. ही प्रत्यभिज्ञा, म्हणजे ओळख पटणं. फोनमधलं तिकीट या दुसऱ्या जातीचं आहे. यंत्र देवदत्ताचा चेहरा बघत नाही हे खरं, पण ते त्याचं खातं ओळखतं. त्या खात्याला नाव आहे, पत्ता आहे, कार्ड क्रमांक आहे, मागच्या सामन्यांची हजेरी आहे. पूर्वीचा प्रश्न होता, ‘तिकीट आहे का?’ आताचा प्रश्न आहे, ‘तू कोण?’

आपल्या व्यवहारातलं उदाहरण हवं असेल तर नोट घ्या. नोटेवर धारकाला रक्कम देण्याचं वचन असतं. धारक कोण, हे नोट विचारत नाही. नामजोग हुंडी मात्र जिच्यावर ज्याचं नाव त्यालाच वटायची. दोन्ही प्रामाणिक व्यवहारच. पण नोटेच्या जागी हुंडी आणायची आणि ‘काही बदललं नाही, फक्त सोपं झालं’ असं म्हणायचं, याला मी विचारांचा आळस म्हणेन.

आता कोणी म्हणेल, प्रश्न बदलला तर बदलला, सुरक्षितता वाढली ना? या दाव्याकडे जरा बारकाईने बघू, कारण खरं वजन त्याच्यावरच आहे.

१९२३ साली वेम्बली मैदानावर एफए कपचा पहिला अंतिम सामना झाला. आगाऊ तिकिटाची सक्ती नव्हती. अधिकृत आकडा १,२६,०४७ चा, प्रत्यक्षात त्याहून खूप जास्त लोक आत शिरले. माणसं थेट खेळाच्या पट्ट्यावर आली आणि घोडेस्वार पोलिसांनी त्यांना हळूहळू मागे सारलं. त्यानंतर अंतिम सामन्याला आगाऊ तिकीट सक्तीचं झालं. इथे तिकिटाचं काम शुद्ध मोजणीचं होतं. आत किती माणसं मावतात, तेवढीच तिकिटं. बोल्टनच्या बर्नडेन पार्कवर १९४६ मध्ये चेंगराचेंगरीत ३३ माणसं गेली, तेव्हाही चौकशीचा रोख मोजणीवरच होता.

मग १५ एप्रिल १९८९. शेफील्डचं हिल्सबरो मैदान. लिव्हरपूलच्या ९७ चाहत्यांचा जीव गेला, त्यातले शेवटचे २०२१ मध्ये, त्याच दिवशी झालेल्या इजांमुळे. त्या दिवशी लेपिंग्ज लेनच्या बाजूला उभ्याने सामना बघणाऱ्यांची १०,१०० तिकिटं होती आणि त्यांच्यासाठी फिरती दारं होती सात. आपण साधा गुणाकार-भागाकार करू. एका दाराच्या वाट्याला सुमारे १,४४३ माणसं. इंग्लंडच्या मैदान-सुरक्षेच्या मार्गदर्शिकेत, जिला ग्रीन गाइड म्हणतात, आज एका दारातून तासाला जास्तीत जास्त ६६० माणसं धरतात. म्हणजे सगळं सुरळीत चाललं तरी दोन तासांहून अधिक वेळ. आणि प्रत्येक माणसामागे एकच सेकंद जास्त लागला तर? त्या एका दारावर चोवीस मिनिटं वाढली. हा सेकंदाचा हिशोब लक्षात ठेवा, तो पुन्हा लागणार आहे.

दाराबाहेर दाटी असह्य झाली. २ वाजून ५२ मिनिटांनी पोलिसांनी बाहेर पडण्याचं एक मोठं फाटक उघडलं. लोक समोर दिसणाऱ्या बोगद्यातून आधीच भरलेल्या मधल्या कप्प्यांत गेले. बाजूचे कप्पे मोकळे होते. तिकिटं नसलेले लोक घुसले म्हणून हे झालं, असं पोलिसांनी सांगितलं. न्यायमूर्ती टेलर यांच्या चौकशीने ते फेटाळलं. त्या बाजूला आत गेलेल्यांची संख्या तिथल्या क्षमतेच्या आसपासच होती. अडचण किती माणसं आत आली ही नव्हती, ती कुठे वळवली गेली ही होती. पुढे २०१६ मध्ये ज्यूरीने हे मृत्यू बेकायदा मनुष्यहानीचे ठरवले आणि चाहत्यांच्या वागण्याचा त्यात हात नव्हता असंही स्पष्ट केलं. लोकांना हे ऐकायला २७ वर्षं थांबावं लागलं.

आता आजच्या विषयाचा गाभा. त्याच १९८९ साली थॅचर सरकारने फुटबॉल प्रेक्षकांसाठी कायदा केला. त्यात राष्ट्रीय सदस्यत्व योजना होती. प्रत्येक चाहत्याकडे ओळखपत्र, दारावर ते यंत्राने तपासायचं, कार्ड नसेल तर प्रवेश नाही. हेतू दंगेखोरांना बाहेर ठेवण्याचा. जानेवारी १९९० मध्ये टेलर यांचा अंतिम अहवाल आला आणि त्यांनी या योजनेला विरोध केला. त्यांना दंगेखोर थांबतील याची खात्री वाटली नाही, आणि यंत्र दारात अडलं, मंदावलं तर बाहेर गर्दी साचेल याची भीती वाटली. सेकंदाचा हिशोब तो हाच. सरकारने योजना सोडून दिली.

बघा, गंमत कशी आहे. सरकारने ‘तू कोण?’ हा प्रश्न विचारायचं ठरवलं, तर कायदा करावा लागला, संसदेत वाद झाला, न्यायमूर्तींनी तपासलं आणि नको म्हटलं. तीस-एक वर्षांनी तोच प्रश्न क्लबांनी सोय म्हणून विचारायला सुरुवात केली. ना संसद, ना न्यायमूर्ती. एका ईमेलमध्ये कळवलं, की पुढच्या हंगामापासून फोन सोबत ठेवा. दोन्ही गोष्टी तंतोतंत एक नाहीत, हे मी मान्य करतो. सरकारचं कार्ड दंडासाठी होतं, क्लबचं तिकीट विक्रीसाठी आहे. आजची यंत्रंही त्या काळापेक्षा कितीतरी वेगवान आहेत. पण साधन एकदा दारात बसलं, की त्याचा उपयोग दुसऱ्या कामाला करायला नव्या साधनाची गरज पडत नाही.

आणि सुरक्षिततेचं काय झालं? ११ जुलै २०२१, वेम्बली, युरो स्पर्धेचा अंतिम सामना. तिकिटं मोबाइलवरची होती. तरी सुमारे २,००० माणसं तिकिटाशिवाय आत शिरली. त्यासाठी त्यांनी ॲप फोडलं नाही, दारं फोडली. त्यात अपंग प्रेक्षकांसाठी ठेवलेली दारंही होती, हे बॅरोनेस केसी यांच्या अहवालात आलं आहे. २०२४ मध्ये मायामीत कोपा अमेरिकाच्या अंतिम सामन्याला लोकांनी फाटकं ओलांडली. सामना तासाहून जास्त उशिरा सुरू झाला, आणि खरं तिकीट असलेले काही जण बाहेरच राहिले.

उलट बाजूचंही उदाहरण देतो. २८ मे २०२२, पॅरिस, चॅम्पियन्स लीगचा अंतिम सामना. लिव्हरपूलच्या चाहत्यांकडे कागदी तिकिटं होती. फ्रान्सच्या गृहमंत्र्यांनी लगेच सांगितलं, की तीस ते चाळीस हजार लोक बनावट तिकिटं घेऊन किंवा तिकिटाशिवाय आले होते. दारावर प्रत्यक्षात सापडलेल्या बनावट तिकिटांचा यूएफाने दिलेला आकडा होता २,५८९. स्वतंत्र समितीने २०२३ च्या फेब्रुवारीत अहवाल दिला आणि मुख्य जबाबदारी यूएफावर टाकली. रेल्वेस्थानकातून येणारा लोंढा एका अरुंद वाटेने तपासणीच्या नाक्यावर नेऊन अडकवला होता. म्हणजे पुन्हा तेच. वाट अरुंद, आणि दोष चाहत्याच्या हातातल्या कागदाला.

या सगळ्यातून मला जे दिसतं ते असं. गर्दी सांभाळण्याचं काम वाटा, दारं, माणसं आणि वेळ यांचं असतं. ते महाग आणि कष्टाचं आहे. तिकिटाचं तंत्र बदलणं त्या मानाने स्वस्त. म्हणून सुरक्षिततेचा विषय निघाला, की चर्चा हळूच तिकिटाकडे वळते, आणि तिकिटाकडून तिकीट धरणाऱ्याच्या चारित्र्याकडे.

आता नुकसान नेमकं कोणाचं, ते पाहू. हक्काचं म्हणाल तर तिकीट कधीच फार भक्कम नव्हतं. १८४५ मध्ये इंग्लंडमध्ये वुड विरुद्ध लेडबिटर नावाचा खटला झाला. डाँकास्टरच्या घोड्यांच्या शर्यतीचं तिकीट रीतसर विकत घेतलेल्या माणसाला तिथून बाहेर काढलं गेलं. न्यायालय म्हणालं, तिकीट म्हणजे परवानगी आहे, मालकाला ती मागे घेता येते. १९१५ च्या हर्स्ट खटल्यात एका सिनेमागृहाच्या बाबतीत न्यायालयाने प्रेक्षकाच्या बाजूने निकाल दिला. अशी ही ओढाताण जुनी आहे. पण कागदाच्या काळात परवानगी मागे घ्यायला कोणीतरी समोर यावं लागायचं, ‘बाहेर व्हा’ असं तोंडाने म्हणावं लागायचं. त्या माणसाशी वाद घालता यायचा. आता ती परवानगी दूर बसून, न बोलता पुसता येते. लाल दिव्याशी वाद घालता येत नाही.

दुसरं, चुकीचा भार कोणावर? फोनची बॅटरी संपली, काच फुटली, हजारो लोक जमल्यामुळे नेटवर्क बसलं, तर सांगतात, घरून निघतानाच तिकीट उतरवून घ्यायचं होतंत. कागद फाटला तरी वाचता यायचा. यंत्रणेची अडचण इथे प्रेक्षकाचा हलगर्जीपणा ठरते. माझ्या वयाच्या माणसाला हे जास्त झोंबतं. चाळीस वर्षं त्याच खुर्चीवर बसणाऱ्या म्हाताऱ्याला आता नातवाला विचारून मैदानात जावं लागतं.

तिसरं, देण्या-घेण्याचं. इंग्लंडमध्ये १९९४ पासून फुटबॉलचं तिकीट अधिकाराशिवाय विकणं हा गुन्हा आहे. तो नियम काळाबाजारासाठी आहे आणि योग्यच आहे. पण शेजाऱ्याच्या मुलाला ‘मला बरं नाही, तू जा’ म्हणून तिकीट देणं हा काळाबाजार नव्हे. ॲपमधून तिकीट पाठवता येतं, मात्र घेणाऱ्यालाही खातं उघडावं लागतं, आणि या देण्याची नोंद राहते. स्नेहाच्या व्यवहाराला मालकाच्या वहीतून जावं लागतं.

मग करायचं काय? फोन फेकून द्या असं मी म्हणत नाही. माझ्या अपेक्षा साध्या आहेत. फोन नको असणाऱ्याला कार्ड किंवा कागद हक्काने मिळावा, विनवणी करून नव्हे. प्रत्येक दारांच्या ओळीपाशी यंत्राचा निर्णय बदलण्याचा अधिकार असलेला एक तरी माणूस उभा असावा. यंत्रणा बंद पडली तर तिची किंमत क्लबने सोसावी. आणि दारासाठी घेतलेली माहिती दाराच्या कामापुरतीच ठेवावी. यातलं काहीही तांत्रिकदृष्ट्या अवघड नाही.

टेलर यांनी १९९० मध्ये प्रेक्षकाकडे संशयित म्हणून बघायला नकार दिला. ९५ माणसं तोवर गेली होती, सरकारचा आणि वर्तमानपत्रांचा दबाव होता, तरीही. त्या नकाराची आठवण ठेवणं एवढंच आज मला सुचवायचं आहे. पुढच्या वेळी कुठल्याही दारात हिरवा दिवा लागला, तर आत जरूर जा. फक्त त्या यंत्राने आपल्याला काय विचारलं, हे एकदा मनाशी तपासून बघा.

इथे थांबतो. प्रश्न असतील तर घेऊ.