इनुल, नॉर्मन आणि पाहणारी गर्दी

यूट्यूब आलं आणि इंडोनेशियात करमणूक सामान्य माणसाच्या हाती गेली, असं सर्रास म्हटलं जातं. मला ते पटत नाही.

डांगडुट हा तिथला अतिशय लोकप्रिय गानप्रकार. नावच मुळी तालवाद्याच्या बोलांवरून पडलेलं. तबला ऐकणाऱ्या आपल्या कानांना ते समजावून सांगायला नको. मलय चाली, अरबी वळणं आणि आपलं हिंदी सिनेसंगीत यांची ती मिसळ. १९७०च्या दशकात रोमा इरामांनी तिच्यात रॉकची गिटार आणली, धर्मोपदेशही आणला.

आता २००३ साल घ्या. इनुल दारातिस्ता ही पूर्व जावातल्या पासुरुआनची, गावाकडच्या समारंभांत गाणारी बाई. तिच्या कार्यक्रमांच्या चोरट्या व्हीसीडी आधी बाजारात फिरल्या, टीव्हीवाले मागाहून धावले. तिच्या कंबरेच्या गिरक्यांवर रोमा इरामा भडकले. माजी राष्ट्राध्यक्ष अब्दुर्रहमान वाहिद मात्र तिच्या बाजूनं उभे राहिले. गंमत बघा, ज्यांनी स्वतः देशोदेशीचं उसनं घेऊन संगीत उभं केलं, तेच शुद्धतेचे राखणदार झाले! म्हणजे लोकांनी निवड करणं आणि वरच्यांनी डोळे वटारणं, दोन्ही यूट्यूबच्या आधीचंच.

२०११मध्ये गोरोंतालोचा पोलीस शिपाई नॉर्मन कमारू गणवेशात, ड्यूटीवर बसल्या बसल्या, 'छैया छैया'वर ओठ हलवत डोलला. चाल रेहमानची, आवाज दुसऱ्याचा. प्लेटो म्हणाला असता, नकलेची नक्कल. माझी तक्रार ती नाही. तो खरोखर मजेत होता आणि ते दिसत होतं. वरिष्ठांनी आधी शिक्षेची भाषा केली, लोकांनी त्याला उचलून धरलं, टीव्हीनं बोलावलं. पण वर्ष सरायच्या आत पोलिसातली नोकरी गेली, आणि पुढे प्रसिद्धीही ओसरली.

आता तुम्ही म्हणाल, इनुलकडे गळा होता, मेहनत होती. खरंच आहे, तुलना पुरती न्याय्य नाही. तरीपण व्हीसीडी चोरटी का असेना, ती खिशातले पैसे मोजून घरी न्यावी लागे. कार्यक्रम ठरवायचा तर बाईला बोलावून बिदागी द्यावी लागे. नॉर्मनला पाहणाऱ्यांनी काय मोजलं? काही मिनिटं. इतक्या स्वस्तात मिळालेली गर्दी माणसाची नोकरी गेल्यावर त्याच्या दारात कशाला येईल?

इनुल पुढे टीव्हीवरच्या डांगडुट स्पर्धांत परीक्षकाच्या खुर्चीत जाऊन बसली.